नडगीतली रेघ

॥ श्री सिद्धनाथ प्रसन्न ॥

पलूस,
दि. १४ जुलै २०२५

ती. स्व. आक्कांस,
मायाचा शि. सा. न. वि. वि.

आम्ही दोघी इकडे बऱ्या आहोत. तुमच्या भावाचा जम्मूहून परवा फोन होता, तेही बरे आहेत. तुमच्याकडे म्हसवडला अजून पावसाचा पत्ता नाही असं दाजी त्यांना म्हणाले म्हणे. आमच्याकडे कृष्णाकाठाला उसात पाणी साचलंय. देवाचा कारभार असाच.

दिवाळीत तुम्हाला पाठवायचा माझा रेकॉर्ड केलेला आवाज चुकून घरच्या ग्रुपवर गेला आणि सतरा जणांनी चवीनं ऐकला, तेव्हापासून तुम्हीच नियम घातलात की महत्त्वाचं काही असलं तर कागदावर लिहायचं. तो नियम पाळून लिहिते आहे.

प्रांजल शाळेत लांब उडी मारताना पडली. घोटा सुजला म्हणून एक्स-रे काढला. मोड नाही, लचक आहे, आठ दिवसांत चालायला लागली. पण रिपोर्टात शेवटी एक ओळ होती. नडगीच्या हाडात, घोट्याच्या थोडं वर, 'ग्रोथ अरेस्ट लाइन' दिसते. डॉक्टर म्हणाले की ही जुनी गोष्ट आहे, पायाला धोका काही नाही, सोडून द्या. त्यांनी सोडलं, मला सोडवेना. अंगणवाडीत मी दर महिन्याला चाळीस पोरं काट्यावर चढवते, कोण सुकलं, कोण भरलं हे वहीत लिहिते. वाढ हा शब्द दिसला की माझं डोकं तिथंच अडकतं.

मोबाइलवर शोधलं. या रेघेचा अर्थ वाढ थांबल्याची खूण. लहान पोराची उपासमार झाली किंवा मोठं आजारपण आलं की हाड वाढायचं थांबतं आणि तिथं आडवी पांढरी रेघ राहते. जुन्या काळच्या दुष्काळात गेलेल्या माणसांच्या सांगाड्यांत अशा रेघा सापडतात असंही तिथं लिहिलंय.

माझ्या पोरीला कधी मोठं आजारपण आलं नाही. माझ्या घरात ती कधी उपाशी राहिली नाही. अकरा वर्षांत ती माझ्यापासून लांब राहिली ती फक्त तुमच्याकडे, पाचव्या वर्षी, सोळा महिने. चार दिवस नेते म्हणून नेलंत, मग उन्हाळा आला, मग शाळेचं निमित्त, मग लॉकडाऊन. ते वर्ष माणदेशात कसं होतं हे मी सांगायला नको. जनावरं छावणीत होती.

मी आरोप करत नाही. फक्त विचारते. त्या सोळा महिन्यांत ती काय खात होती, दूध किती मिळत होतं, आजारी पडली होती का, आणि पडली असेल तर आम्हाला का कळवलं नाही, एवढं सविस्तर लिहा.

या वर्षी पंचमीला तिला पाठवता येणार नाही. पाय दुखतो.

दाजींना नमस्कार. मनात अढी नको म्हणून विचारलं, तुम्हीही अढी न ठेवता उत्तर द्यावं.

तुमची,
माया

⁂

॥ श्री सिद्धनाथ प्रसन्न ॥

म्हसवड,
दि. २० जुलै २०२५

चि. सौ. माया हिस,
धोंडुबाईचे अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र पोस्टमननं दाजींच्या हातात दिलं. त्यांना वाचता येत नाही हे बरं झालं. मी सातवी शिकलेली, त्यामुळं माझं अक्षर तुला लागेल ना लागेल.

पोरीला पाय टेकता येतो का ते आधी लिहायचंस. दोन पानं रेघेवर लिहिलीस आणि पायाला दीड ओळ. हळद-तुरटीचा लेप घाल आणि आठ दिवस तिला उड्या मारू देऊ नकोस. माझ्याकडं होती तेव्हा घराच्या जोत्यावरून उड्या मारायची. तवापासनं तिचा पाय भुईला लागतच नाही.

तू विचारलंस काय खायची. खायची की, जे आम्ही खायचो ते. भाकरी, दूध, कधी कोरड्यास. आता सहा वर्षांमागचं काय काय सांगू? आजारी पडली नव्हती. एवढंच मला ठाऊक.

तुझ्या त्या रेघेचं मात्र मला नवल वाटलं नाही. आमच्या मेंढरांत असंच असतं. कातरणीच्या वेळी लोकर हातात घेऊन ताणली की एका जागी पटकन तुटते. तेवढ्या दिवसांत त्या मेंढीचं पोट भरलं नव्हतं, हे बघणाऱ्याला कळतं. त्याच्या पुढं लोकर पुन्हा जाड येते. चारा मिळाला की मुकं जनावर मागचं धरून बसत नाही, अंग धरायला लागतं. माणसानं पण तेवढंच करावं. मागचं उकरून काय मिळतं?

पंचमीला पाठवणार नाही म्हणतेस. पाय दुखतो तर यष्टीत बसून यायचंय, चालत नाही. तिच्यासाठी लिंबाच्या फांदीला झोका बांधून ठेवलाय. दाजी रोज ताणून बघतात की दोर बळकट आहे का. दरसाल येते, या वर्षी नाही आली तर शेजारपाजार विचारणार. त्याचं काही नाही, शेजाऱ्यांना काय सांगायचं ते मी बघते. पण आम्हाला दोघांना दुसरं कोण आहे?

तू रागानं लिहिलंस तरी काळजीनं लिहिलंस, एवढं कळायला मी म्हातारी झाले आहे. पोरीच्या गालावरून माझा हात फिरव.

तुझी,
धोंडुआक्का

⁂

पलूस,
दि. २५ जुलै २०२५

प्रिय राजेश्वरी,
स. न. वि. वि.

मावशीची शुगर कशी आहे? पथ्य पाळत नसेल तर मला कळव, मी येऊन बोलते. तुझं ऐकत नाही, माझं ऐकेल.

सांगलीत तू एवढी वर्षं एक्स-रेच्या खोलीत काढलीस, आता मावसबहिणीच्या उपयोगी पड. सोबत प्रांजलच्या घोट्याची फिल्म आणि रिपोर्टची झेरॉक्स आहे. फोनवर हे विचारलं की तू दर वेळी पेशंट आला म्हणून ठेवून देतेस. आता कागद टेबलावर राहील, तो काही ठेवून देता येणार नाही.

मला दोन गोष्टी हव्यात. ही रेघ उपासमारीचीच आहे असं लेखी मिळेल का? आणि ती कोणत्या वयात पडली हे सांगता येतं का?

आक्कांना मी सरळ विचारलं. उत्तर बघ कसं आलं. काय खायची, तर आम्ही खायचो ते. सहा वर्षांमागचं काय सांगू म्हणे! जी बाई दोनशे मेंढरांत कोणतं कोकरू कोणत्या मेंढीचं हे डोळे झाकून सांगते, तिला पोरीच्या ताटात काय होतं ते आठवत नाही? वर मलाच शहाणपण, की मागचं उकरू नको. ज्याचं मागचं स्वच्छ असतं तो उकरायला भीत नाही. मला पहिल्यांदा नुसती शंका होती, आता खात्री व्हायला लागली आहे.

तुला आठवतं ना, लॉकडाऊन उठल्यावर मी तिला आणायला गेले तेव्हा ती माझ्याकडे यायलाच तयार नव्हती. आत्तीच्या लुगड्यात तोंड खुपसून बसली होती. घरी आणल्यावर महिनाभर रात्री उठून आत्ती आत्ती करायची. पोटची पोर परक्यासारखी वागली ते मी गिळलं. आता वाटतं, जिनं पोरगी आपल्याकडे ओढून घेतली तिनं तिला पोटभर घातलं तरी का नाही?

मी प्रांजलला विचारलं. पायातली ती रेघ आत्तीनं उपाशी ठेवल्यामुळं पडली आहे हे तिला स्पष्ट सांगितलं, आता ती काही कुक्कुलं बाळ नाही. तेव्हाचं काही आठवतं का विचारलं. फार खोदल्यावर म्हणाली की मी सांगणार नाही. आठवत नाही असं म्हणाली नाही, हे लक्षात घे. सांगणार नाही! म्हणजे तिला कोणीतरी दम भरून ठेवलाय. तेव्हापासून माझ्याशी कामापुरतं बोलते आणि अर्धी भाकर ताटात टाकून उठते.

खरं काय ते कळेपर्यंत म्हसवड बंद. मग वर्षं लागोत. यांना अजून सांगितलेलं नाही, सीमेवर माणसाला घरचं टेन्शन नको. पण पुरावा हातात आला की सांगणार. बहीण असली म्हणून काय झालं?

लवकर लिही. माझा जीव टांगणीला लागलाय. मावशीला नमस्कार आणि तुला, लिहिलंस तरच, प्रेम.

माया

⁂

सांगली,
दि. २ ऑगस्ट २०२५

प्रिय माया,
स. न. वि. वि.

आईची शुगर आहे तिथंच आहे आणि तू येणार म्हटल्यावर तिनं गुळाचा डबा माळ्यावर टाकलाय. तुझा धाक लांबूनही चालतो.

मी फिल्म काढणारी, वाचणारी नव्हे, हे आधी सांगते. म्हणून आमच्या डॉक्टरांना दाखवली. ते फार बोलत नाहीत, पण चहा पिताना पाच मिनिटं दिली. त्यांचं म्हणणं जसंच्या तसं लिहिते.

हिला ग्रोथ अरेस्ट लाइन म्हणतात, जुने डॉक्टर हॅरिस लाइन म्हणतात. वाढत्या पोरांच्या लांब हाडांत टोकाशी दिसते. पण हा काही रोग नाही आणि रिपोर्टात हा शब्द आला म्हणजे निदान झालं असंही नाही. बघितलं ते लिहून ठेवायचं म्हणून लिहितात. गोवर, मोठा ताप, न्यूमोनिया, जुलाब, पोटाला न मिळणं, मनाला बसलेला धक्का, कशानंही पडते. चांगल्या धडधाकट पोरांतही सापडते. तेव्हा उपासमारीचीच असं लेखी कोणीही देणार नाही, आणि कोणी दिलं तर त्याच्यावर विश्वास ठेवू नकोस.

वयाचं मात्र अंदाजानं सांगता येतं. नडगीचं हाड घोट्याजवळ जिथं वाढतं, तिथून ही रेघ जवळजवळ तीन सेंटिमीटर वर आहे. त्या टोकाला वर्षाला साधारण किती हाड वाढतं त्याची सरासरी ठरलेली असते. त्यावरून मागं मोजलं तर प्रांजल सव्वापाच ते साडेपाच वर्षांची असताना पडली असावी. सहा महिने इकडं तिकडं होऊ शकतात, हे त्यांनी दोनदा बजावलं.

तू हे वाचून काय करणार ते मला दिसतंय. करू नकोस. अंदाज तो अंदाज. आणि पोरीला पुन्हा पुन्हा विचारू नकोस. तिच्या गप्प बसण्याला दमदाटीच कारण असेल असं नाही.

मला अजून काही लिहायचं होतं, पण ड्यूटीची वेळ झाली. सावकाश लिहीन. रागावण्याआधी पाणी पी.

तुझी,
राजेश्वरी

⁂

पलूस,
दि. ६ ऑगस्ट २०२५

ती. स्व. आक्कांस,
मायाचा शि. सा. न. वि. वि.

सांगलीच्या मोठ्या डॉक्टरांनी फिल्म बघितली. रेघ सव्वापाच ते साडेपाच या वयातली आहे. प्रांजलला तुम्ही २०१९ च्या फेब्रुवारीत नेलं, तेव्हा ती सव्वापाच वर्षांची होती. आता सांगा.

मला त्या वर्षी काय झालं होतं ते तुम्हाला माहीत आहे. आदल्या दसऱ्याच्या सुमारास नऊ दिवसांचं बाळ गेलं होतं. हे सुट्टी संपवून परत गेले होते. जी एक पोर उरली होती ती तुम्ही उचलून नेलीत. मी अडवलं नाही, कारण अडवायची ताकद नव्हती. तुम्ही दारात उभ्या राहून म्हणालात की मला पोरबाळ न्हाई, चार दिस सोबतीला देती का. मला वाटलं, हिला माझी दया आली. आज वाटतं, तुम्हाला संधी मिळाली होती.

ते सगळं मी विसरले असते. पण नेलीत तर सांभाळायची होती. दुष्काळ होता, घास नव्हता, तर परत आणून सोडायची. पोरीला बोलू नकोस म्हणून दम भरायचा, आणि मला मेंढरांच्या लोकरीच्या गोष्टी सांगायच्या, हे तुमच्या वयाला शोभत नाही.

पंचमी झाली. यापुढे दिवाळी नाही, सिद्धनाथाचा रथ नाही, उन्हाळा नाही. प्रांजल म्हसवडला येणार नाही. तुम्ही काय ते कबूल करेपर्यंत नाही.

लोभ असावा असं लिहायची रीत आहे, आज हात वळत नाही.

माया

⁂

॥ श्री सिद्धनाथ प्रसन्न ॥

म्हसवड,
दि. १२ ऑगस्ट २०२५

चि. सौ. माया हिस,
आशीर्वाद.

तुझं पत्र आलं. तू म्हणतेस ते खरं आहे.

त्या वर्षी घरात दाणा कमी होता. दाजी मेंढरं घेऊन चाऱ्यासाठी खाली गेले होते, मी एकटी होते. असलेलं आधी जनावरांना घातलं, पोरीकडं माझं ध्यान राहिलं नाही. दूध विकायची, तिला द्यायची नाही. ती मागायची, मी दटावायची. त्यानंच ती रेघ पडली असणार. चूक माझी आहे. तानाजीला सांगायचं तर सांग. तो बोलेल ते मी खाली मान घालून ऐकेन.

कबूल कर म्हणालीस, केलं. आता माझं एक ऐक. पोरीला याच्यावरून पुन्हा काही विचारू नकोस. एक अक्षर विचारू नकोस. तिला काही ठाऊक नाही, बारकी होती. माझ्यावर राग धर, तिच्याशी नीट बोल, तिला पोटभर जेवू दे.

आणि राग उतरला तर, वर्षानं म्हण, दोन वर्षांनी म्हण, एकदा तोंड दाखवायला आण. तू संगती थांब हवं तर. मी तिला माझ्या हातचं काही खायला देणार नाही.

तू मला काही म्हण, मी तुला माझीच मानते.

धोंडुबाई

⁂

सांगली,
दि. १६ ऑगस्ट २०२५

प्रिय माया,
स. न. वि. वि.

आक्कांच्या पत्राचा फोटो तू मला पाठवलास आणि खाली लिहिलंस, बघ, शेवटी ओकली. मी तो फोटो किती वेळा वाचला ते सांगत नाही. फोन केला नाही, कारण तुझा फोन प्रांजलच्या हातात असतो आणि मला जे लिहायचंय ते तिच्या कानावर माझ्या तोंडून जायला नको. हे पत्र एकटी असताना वाच.

ते पत्र खोटं आहे. धोंडुआक्कांनी आयुष्यात पहिल्यांदा खोटं लिहिलं असेल आणि तेही त्यांना जमलं नाही. दूध विकायची म्हणतात. मेंढरं तर दाजी घेऊन गेले होते, बाकी जनावरं छावणीत होती, मग दूध कशाचं विकलं?

मी काल पुन्हा डॉक्टरांकडे गेले आणि नीट विचारलं, कारण पहिल्या पत्रात मी एक गोष्ट अर्धी लिहिली होती. तू समजतेस की ज्या दिवसांत पोर उपाशी होतं ते दिवस म्हणजे ती रेघ. तसं नाही. पोटाला मिळत नाही तेव्हा हाड वाढायचं थांबतं, तिथं नुसता एक पातळ थर बसतो. पुन्हा खायला मिळालं, अंग वाढीला लागलं, की त्या थरावर हाड जाड बसतं आणि मग ती फिल्मवर पांढरी दिसते. डॉक्टरांचे शब्द लिहिते. नाव थांबण्याचं आहे, पण रेघ उमटते ती वाढ परत सुरू झाल्यावर. ज्याची वाढ थांबली आणि सुरूच झाली नाही, त्याच्या हाडात अशी ठळक रेघ नसते.

आणि दुसरं. रेघ एकच आहे. तिच्यापासून खाली घोट्यापर्यंतचं हाड स्वच्छ आहे. म्हसवडच्या सोळा महिन्यांत पोर उपाशी असती आणि तुझ्याकडे येऊन भरली असती, तर रेघ साडेसहा-पावणेसात वर्षांच्या जागी, खालच्या बाजूला दिसायला हवी होती. तिथं काही नाही. अंदाजात चूक असते हे मी विसरले नाही. पण आता ऐक, मला हे फिल्मवरून कळलेलं नाही. मला आधीपासून माहीत होतं.

२०१९ च्या जानेवारीच्या शेवटी मी तुझ्याकडे आले होते. तुला आठवत नसेल. तू भिंतीकडे तोंड करून पडली होतीस. मी दोन तास बसले, तू वळलीही नाहीस. प्रांजलचा फ्रॉक खांद्यावरून घसरत होता. मी आईनं दिलेले लाडू काढले, तर तिनं दोन उचलले आणि दारामागं जाऊन खाल्ले. चूल किती दिवसांत पेटली नव्हती कोण जाणे. शेजारची रंगुबाई म्हणाली की आठवण झाली की ती पोळी नेऊन देते, एरवी पोरगी बिस्किटावर असते. मी तिला घेऊन यायला हवं होतं. मी होस्टेलवर राहते, परीक्षा आहे, अशी कारणं स्वतःला सांगत पाचची यष्टी पकडली. सांगली स्टँडवर उतरल्यावर आक्कांना फोन केला. आठ दिवसांत त्या दारात होत्या.

मी त्यांना विचारलं होतं की मायाला काय सांगणार. त्या म्हणाल्या, तिचं लेकरू गेलंय, तिला आई म्हणून नापास झालीस असं मी सांगू व्हय? माझीच हौस म्हणून नेते.

आजाराला, माया, कोणी दोष देत नाही. तू तेव्हा आजारी होतीस, तुला डॉक्टरची गरज होती आणि आम्हा कोणाला ते सुचलं नाही. पण माझं ऐकून विश्वास ठेवू नकोस, तुझा स्वभाव नाही तो. तुझ्या अंगणवाडीत तेव्हाच्या बाईंचं वजनाचं रजिस्टर असेल. प्रांजल तिथंच जात होती. काढून बघ.

सहा वर्षं गप्प राहिले याबद्दल जे बोलायचं ते बोल. पण माणूस म्हणून तोडू नकोस.

तुझी,
राजेश्वरी

⁂

॥ श्री सिद्धनाथ प्रसन्न ॥

पलूस,
दि. २४ ऑगस्ट २०२५

ती. स्व. आक्कांस,
मायाचा साष्टांग नमस्कार.

हे पत्र चौथ्यांदा लिहिते आहे. तीन फाडली.

राजेश्वरीनं मला सगळं लिहिलं. पहिल्यांदा मी तिच्यावरही संशय घेतला की तुम्ही तिला फितवलंत. म्हणून मंगळवारी पोरं घरी गेल्यावर अंगणवाडीचं कपाट उघडलं. जुनं रजिस्टर खालच्या फळीवर होतं, वाळवीनं कड खाल्लेलं. प्रांजल तानाजी, ऑगस्ट, पंधरा किलो आठशे. ऑक्टोबर, पंधरा चारशे. डिसेंबर, चौदा दोनशे. जानेवारी, तेरा एकशे. समोर त्या बाईंनी लाल शाईनं लिहिलंय, आईस तीनदा निरोप दिला, आई आली नाही. फेब्रुवारीपासून रकाने कोरे, गावी गेली.

आज असं वजन माझ्या वहीत दिसलं असतं तर मी त्याच दिवशी त्या घरी जाऊन आईला फैलावर घेतलं असतं.

मला ते दिवस आठवत नाहीत आक्का. मी सांगते की मी स्वयंपाक करत होते, तिची वेणी घालत होते, कारण मला तसंच वाटत आलंय. आता बसून आठवायला जाते तर बाळाचं अंगडं आठवतं आणि भिंतीचा रंग आठवतो. प्रांजल कुठंच दिसत नाही. घरात माझी पाच वर्षांची पोर फिरत होती आणि मला ती दिसत नाही. हे मला सहन होत नाही, आणि तुम्ही मला हे सहन करावं लागू नये म्हणून सहा वर्षं माझा राग खाल्लात. वर कबुलीजबाब लिहून दिलात. ते पत्र मी जाळलं. तुमच्या हस्ताक्षरातलं खोटं माझ्या घरात नको.

काल प्रांजलला समोर बसवलं. तिला सांगितलं की आत्तीनं तुला उपाशी ठेवलं नव्हतं, ती भूक माझ्या घरातली होती, आत्तीनं तुला खायला घातलं आणि तू पुन्हा वाढायला लागलीस. मला वाटलं रडेल, भांडेल. तिनं दोन्ही केलं नाही. तिला विचारलं की तुला हे माहीत होतं का. तर म्हणाली, मी सांगणार नाही. तेच शब्द. मग माझ्याकडे न बघता म्हणाली की आत्तीनं देवाच्या पारावर बसवून सिद्धनाथाची शपथ घातली आहे. आई आजारी होती, तिला कवाबी यातलं काय बोलायचं न्हाई, बोललीस तर आई पुन्हा आजारी पडंल.

दीड महिना मी तिच्यासमोर तुम्हाला नाही नाही ते बोलले. तुमच्या बाजूनं एक शब्द बोलली असती तर मी पुन्हा तशी होईन, या भीतीनं ती गप्प बसली. ताटातली भाकर त्यापायीच राहत होती. मी तिला जवळ घेऊन सांगितलं की मी बरी आहे, आता बोललीस तरी मला काही होणार नाही. तिनं नाही म्हणून मान हलवली. म्हणाली, शपथ तू घातली नाहीस.

ती तुमच्या शब्दाची पक्की आहे, माझ्या नाही. याचा मला राग येत नाही.

गणपतीची सुट्टी आहे. शनिवारी सकाळी मी तिला घेऊन विट्याच्या स्टँडवर येते. दाजींना तिथं पाठवा. पुढे म्हसवडपर्यंत यायला मला तोंड नाही, तुम्ही या म्हणालात तर येईन. तिला आठ दिवस ठेवा, पंधरा दिवस ठेवा, मी मागायला येणार नाही.

यांना मी सगळं लिहिलं आहे, माझ्याबद्दलचंही.

आक्का, तुमच्याकडे माफी मागायला मी नंतर येईन, ती एका पत्रात मावणारी नाही. त्याआधी एकच करा. ती दारात आली की, पाय धुवायच्या आधी, तिला जवळ घेऊन शपथ सुटली म्हणा.

तुमचीच,
माया